‘ताकी नो शिराइतो’ : कोर्टाच्या प्रसंगात किन्याची घालमेल का पोचत नाही?

प्रश्न
जपानी दिग्दर्शक केंजी मिझोगुचींचा ‘ताकी नो शिराइतो’ (१९३३) हा मूकपट पाहिला. प्रतीला आवाज अजिबात नव्हता. कथा कळते : पाण्याचे खेळ करणारी शिराइतो स्वतःच्या कमाईतून किन्या या तरुणाला कायदा शिकवते, पुढे तिच्या हातून सावकाराचा खून होतो आणि खटल्यात सरकारी वकील म्हणून किन्याच उभा राहतो. पण ऐन कोर्टात मन हलत नाही. संवाद लिहून दाखवणाऱ्या पाट्या मोजक्या, हालचाली घाईच्या. दोष प्रतीचा असेल का?

प्रतिसाद १
बराचसा. जपानमध्ये मूकपट मुका नसायचाच. पडद्याशेजारी बेन्शी, म्हणजे निवेदक, असे. निवेदन आणि सगळ्या पात्रांचे संवाद तोच म्हणे. म्हणून पाट्यांवर थोडकंच लिहिलेलं चालत असे. पहिला यशस्वी जपानी बोलपट १९३१चा, तरी मूकपट पुढेही निघत राहिले. बेन्शींचं वजन हे त्याचं एक कारण. बेन्शीचा आवाज असलेली प्रत मिळवाच. बेन्शी शुन्सुई मात्सुदा आणि त्यांच्या शिष्या मिदोरी सावातो यांनी ही कला जिवंत ठेवली.

प्रतिसाद २
घाईचं कारण वेग. सेकंदाला १८ चौकटींनी (फ्रेम्सनी) चित्रित केलेला भाग २४ने चालवला की १०० मिनिटांचा ७५ मिनिटांत संपतो आणि थबकलेली नजर निसटते. प्लेअरमध्ये वेग ०.७५ करा. त्याआधी एकेक चौकट पुढे सरकवून बघा : दर तिसरी चौकट दोनदा येत असेल, तर दुरुस्ती आधीच झालेली आहे, आणखी हळू केलंत तर सगळं रेंगाळेल. सगळ्या मूकपटांना एकच वेग नसतो. या चित्रपटात कारंजी आहेत, हे सोयीचं : पडणारं पाणी नैसर्गिक दिसेल तो वेग बरोबर. बेन्शीचा आवाज जोडलेला असेल तर वेगाला हात लावू नका.

प्रतिसाद ३
वेग सुधारला तरी कोर्टात फक्त किन्याकडे पाहू नका. एका बाजूला प्रेम, दुसऱ्या बाजूला कर्तव्य अशी सोपी वाटणी इथे नाही. तिचे उपकार फेडणं हेही कर्तव्यच, आणि ज्या पदावरून तो आरोप ठेवतो ते तिच्याच पैशांतून उभं राहिलेलं. तो कचरला तर तिचं सगळं देणं वाया जाणार. म्हणून पेच तीच सोडवते : त्याच्यासमोर गुन्हा कबूल करते. शिराइतो झालेल्या ताकाको इरिए यांचा चेहरा तिथे बघा. निर्णय झालेल्या बाईचा चेहरा आहे तो. मूळ कथा क्योका इझुमींची, १८९४ची. शिंपा या जपानी नाट्यप्रकाराच्या रंगभूमीवरही ती गाजली होती. त्यामुळे पहिल्या प्रेक्षकांपैकी अनेकांना शेवट ठाऊक असणार. पुलावरची पहिली रात्र आणि कोर्ट हे दोन प्रसंग लागोपाठ पाहा. पुलावर मदत देऊ करणारी ती, कोर्टात त्याचा मार्ग मोकळा करणारीही तीच.