भूत शेवटी खोटं निघालं, तर ती कथा आपली म्हणायची का?

अंधारकोठडी:
आमचं गॉथिक, म्हणजे जुन्या किल्ल्या-वाड्यांतल्या भयकथा, आणि अद्भुतकथा वाचणाऱ्यांचं एक छोटं मंडळ आहे. महिन्याला एक पुस्तक, मग त्यावरून भांडण. पुढच्या वर्षाच्या यादीसाठी मी ठराव मांडलाय: ज्या कथेत भुताचा शेवटी 'उलगडा' होतो, ती यादीत नको. मंडळाच्या नावातच अद्भुत आहे, मग वारा, उंदीर आणि चोरदरवाजे कशाला वाचायचे?

राग कुठून आला तेही सांगतो. ॲन रॅडक्लिफची कादंबरी 'द मिस्ट्रीज ऑफ उडोल्फो', १७९४. नायिका एमिली किल्ल्यातल्या एका दालनात काळा पडदा उचलते, मागचं बघते आणि बेशुद्ध पडते. काय दिसलं? बाई सांगतच नाहीत. पडदा उचलला दुसऱ्या खंडात, उत्तर चौथ्याच्या शेवटाकडे. आणि उत्तर काय, तर मेणाचा पुतळा! शेकडो पानं जीव मुठीत धरून वाचली ती मेणासाठी?

त्यापेक्षा कादंबरीकार होरेस वॉलपोल बरा. १७६४ मध्ये 'द कॅसल ऑफ ओट्रँटो'त त्यानं ऐन लग्नाच्या दिवशी नवऱ्यामुलावर राक्षसी आकाराचं शिरस्त्राण पाडलं आणि त्याला सरळ चिरडलं. उंदरावर ढकललं नाही.

रातकिडा:
असहमत. त्या शिरस्त्राणाला तुम्ही खरंच घाबरलात का? छातीवर हात ठेवून सांगा. कादंबरीकार क्लारा रीव्हला त्याचं १७७८ मध्येच हसू आलं होतं. तिचं म्हणणं, भुतं असू देत, पण शक्यतेच्या काठावर तरी राहू देत. त्याच पुस्तकातल्यासारखी तलवार उचलायला शंभर माणसं लागली की वाचकाचा धाक मोडतो.

आणि 'मेणाचा पुतळा' म्हणून तुम्ही फार लवकर हात झटकलेत. कफनातलं प्रेत आहे ते, चेहरा अळ्यांनी कुरतडलेला. घराण्यातल्या एका पूर्वजाला चर्चनं प्रायश्चित्त दिलं होतं, रोज ठरावीक वेळ याच्याकडे बघत बसायचं. त्यानं मृत्युपत्रात लिहून ठेवलं की वंशजांनी ही मूर्ती जपली नाही, तर इस्टेटीचा एक हिस्सा चर्चकडे जाईल. म्हणजे मिळकतीपायी पुढच्या पिढ्यांनी भिंतीतल्या कोनाड्यात हे मढं सांभाळायचं. यापुढे मला तरी भूत फिकं वाटतं.

अंधारकोठडी:
अहो, तेच तर दुखणं आहे! एवढं दमदार सामान, आणि बाई ते पुस्तक संपता संपता घाईघाईत उरकतात, दुकान बंद करताना गल्ला मोजावा तसं. रॅडक्लिफच्या या खुलाशांवर कादंबरीकार वॉल्टर स्कॉटही नाराज होता. मी एकटाच कटकट्या नाही.

शंकासूर:
ठराव राबवणार कसा, ते आधी सांगा. हेन्री जेम्सची 'द टर्न ऑफ द स्क्रू', १८९८. भुतं खरी की मुलं सांभाळणाऱ्या त्या गव्हर्नेसच्या डोक्यातली? १९३४ मध्ये समीक्षक एडमंड विल्सननं डोक्यातली म्हटलं, त्यावरचं भांडण अजून मिटलेलं नाही. ती तुमच्या यादीत की बाहेर? की त्यासाठी उपसमिती नेमणार?

एम. आर. जेम्सनं, म्हणजे केंब्रिजला नाताळात मित्रांना भूतकथा वाचून दाखवणाऱ्यानं, यावर झकास तोडगा सांगितलाय. साध्या स्पष्टीकरणाला एक फट ठेवावी, पण इतकी अरुंद की तिच्यातून बाहेर पडता येऊ नये.

जुनी वही:
माझा ठरावाला पाठिंबा, पण कारण वेगळं. उलगडा झालेली कथा दुसऱ्यांदा वाचवत नाही. एम. आर. जेम्सच्या कथा मी दर दोन-तीन वर्षांनी काढते. शेवट पाठ आहे, तरी मान आखडते. उडोल्फो पुन्हा उघडलं तेव्हा पडद्याशी पोचले आणि मनात आलं, मेण. संपलं. मग उरतात नुसते डोंगर आणि सूर्यास्त, तेही बाईंनी इटली न बघता लिहिलेले.

रातकिडा:
जुनी वही ताई, हा मुद्दा मात्र लागला. पुन्हा वाचताना मीही डोंगर गाळतो, कबूल.

तरी एक बघा. भीती आणि किळस यांत फरक आहे हे रॅडक्लिफबाईंनीच मांडलं. तो लेख त्यांच्या मृत्यूनंतर, १८२६ मध्ये छापून आला. धूसर धास्तीनं मन फुलतं, जागं होतं. उघड बीभत्स समोर आलं की ते गोठतं. पडदा खाली असतो तोवर पहिली, वर गेला की दुसरी. या बाईंना वगळून आपण कुठल्या तोंडानं गॉथिक मंडळ म्हणवणार? जेन ऑस्टिनच्या 'नॉर्थँगर ॲबी' कादंबरीतली, उडोल्फो वाचून भारलेली कॅथरिन रात्री धडधडत्या काळजानं कपाट उघडते आणि सापडतात धुण्याच्या याद्या. तुमच्या नियमानं ती थट्टाही बाद, आणि तिच्यावर हसायला आधी उडोल्फो वाचलेलं लागतं.

अंधारकोठडी:
ठीक. ठराव अर्धा मागे घेतो: वर्षाला उलगड्याचं एकच पुस्तक, आणि निवडेल त्यानं मंडळासमोर शेवटचं प्रकरण मोठ्यानं वाचायचं. शिक्षा म्हणून.

नवीन सभासद:
मी यादीतलं म्हणून गेल्या आठवड्यात उडोल्फो हातात घेतलं. काल रात्री एमिलीनं पडदा उचलला. मी दिवा चालू ठेवून झोपले. आज सकाळी इथे आले तर मेण, अळ्या, मृत्युपत्र, सगळं एका दमात कळलं. ठरावाच्या बाजूनं मत द्यायचं की विरोधात, ते नंतर बघते. आधी तुम्हा चौघांशी मला बोलायचंच नाही.