पैलवानाच्या घरात बासरी: पोराला मोठी घेतली ती चूक झाली का?

तालीमकट्टा
मंडळी, आमचं घर मंगळवार पेठेतलं. आजोबा पैलवान, वडील पैलवान, मी गुडघ्यापायी लवकर सुटलो. पोरगं अकरा वर्षांचं. पहाटे तालमीत जातंय आणि संध्याकाळी मोबाइलवर हरिप्रसाद चौरसिया लावून बसतंय. "बाबा, तसलीच लांब बासरी पायजे" म्हणून आठवडाभर तोंड फुगवलं, शेवटी मागवली. जवळपास तीस इंच लांब. आता त्याची बोटं खालच्या भोकांपर्यंत पोचतच नाहीत, नुसता फुस्स आवाज. वडील म्हणतात, "फुंकून फुंकून दम जाईल पोराचा, एक काय ते धर." दमाचं खरं काय? आणि बासरी परत करू का?

रंकाळाकाठ
दादा, पहिल्यांदा वडलांना हे सांगा: चौरसियांचे वडीलही पैलवानच, अलाहाबादचे. पोरानं कुस्ती करावी हाच हट्ट. पोरगं आखाड्यात जायचं आणि चोरून संगीत शिकायचं. पुढं त्यांनीच कबूल केलंय की तिथल्या मेहनतीनं कमावलेला दम बासरीला कामी आला. तेव्हा जोर-बैठका बंद करू नका.

आता बासरी. मी चाळीस वर्षं हौसेनं वाजवतोय, आणि चौदाव्या वर्षी हीच चूक केलेली. बोटं ताणून ताणून डावा अंगठा महिनाभर दुखत होता, शिवाय एक भोक कायम अर्धं उघडं राहायचं, त्यामुळं वाटायचं आपल्यालाच सूर नाही. तुमची पांढरी तीनची असणार, म्हणजे वरची तीन भोकं बंद केली की 'सा' पेटीच्या तिसऱ्या पांढऱ्या पट्टीचा. अकरा वर्षांच्या हाताला पांढरी एकची मधली (मध्यम लांबीची) घ्या, दीड फुटाच्या आसपास येते. लांबच्या भोकांवर बोटाचं टोक नाही, पेराचा मांसल भाग ठेवायचा असतो, ते त्याला छोटीवरच शिकू दे.

मोठी परत करू नका. आतून मोहरीच्या तेलाचा हात फिरवा, फडक्यात गुंडाळून ठेवा. माझी एक एप्रिलच्या उन्हात खिडकीत राहिली आणि टाचेपासून फुंकेच्या भोकापर्यंत चीर गेली. दोरा गुंडाळून वाजवली, पण खर्जात, म्हणजे खालच्या सुरांत, घरघर करायची.

सातवंभोक
लांब बासरीचा विषय निघालाय तर बासरीवादक पन्नालाल घोष राहून कसे जातील? जन्म १९११, बंगालातल्या बारिसालचा (आता बांगलादेशात). तरुणपणी व्यायामशाळेत रमलेले, बॉक्सिंगसुद्धा खेळलेले. बासरी तोवर लोकसंगीताची आणि साथीची. विलंबित ख्याल, म्हणजे संथ लयीतलं रागगायन, पेलेल असा भारदस्त खर्ज छोट्या बासरीत कुठून येणार? म्हणून वेगवेगळ्या नळ्या करून बघितल्या, शेवटी लांब बांबूवरच आले. खाली सातवं भोक पाडलं ते मंद्रातल्या (खालच्या सप्तकातल्या) तीव्र मध्यमासाठी, म्हणजे चढ्या 'म'साठी. सहा भोकं बंद केली की पंचम, म्हणजे 'प'. त्याच्याही खाली जायचं तर करंगळीनं सातवं झाकायचं. दीपावली, चंद्रमौली हे राग त्यांचेच. मैहरच्या सरोदिये अल्लाउद्दीन खाँसाहेबांकडं शिकायला गेले ते १९४७ मध्ये, नाव झाल्यावर. १९५६ ला दिल्ली आकाशवाणीच्या वाद्यवृंदाला गेले आणि १९६० मध्ये अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी संपलं सगळं. मला चौरसियांपेक्षा तेच जास्त पटतात. (इथं भांडण नको, रंकाळाकाठ.)

रंकाळाकाठ
भांडत नाही. पण चौरसियाही नाव झाल्यावरच खाँसाहेबांच्या कन्या अन्नपूर्णादेवींकडं शिकायला गेले, आणि मन लावून शिकतोय हे दाखवायला उजव्या हाताची बासरी डावीकडं धरली! सगळी बोटं पुन्हा पहिल्यापासून बसवायची म्हणजे काय, हे ज्यानं एकदा मींड (एका सुरावरनं दुसऱ्यावर घसरत जाणं) घोटलीय त्यालाच कळेल. तालीमकट्टा, तुमच्या पोराला दीड फुटाच्या बासरीचं 'मागं जाणं' पटत नसेल तर हे सांगा.

तालीमकट्टा
सांगितलं. पांढरी एकची आणली, काल 'सा' लागला, पाच मिनिटं तोच एक. वडलांना बॉक्सिंगचं वाचून दाखवलं. ऐकून घेतलं, मिशीवरनं हात फिरवला आणि म्हणाले, "बॉक्सिंग? कुस्ती खेळला असता तर आठवं भोक पाडलं असतं."
मोठी बासरी तेल लावून माळ्यावर.