भाचीचं नाव इरीनी ठेवायचं चाललंय, अर्थ आणि इतिहास नीट माहीत असलेल्यांनी सल्ला द्या प्लीज

पहिलीच_आत्या

नमस्कार मंडळी. दादाला मुलगी झाली, आज २० दिवसांची आहे. दादा-वहिनी थेस्सलोनिकीला असतात, वहिनी तिथलीच, ग्रीक. त्यांच्याकडे नातवंडांना आजी-आजोबांची नावं द्यायची पद्धत आहे म्हणून वहिनीच्या आईचं नाव द्यायचं ठरतंय, इरीनी. दादा म्हणाला अर्थ शांती, आणि ते ऐकून आमच्या आईला एकदम भरून आलं कारण दादाला आणि मला जिने वाढवलं त्या आमच्या आजीचं नाव शांता. सगळे खूश होते.

मग एका नातेवाईकांनी नेटवर शोधलं आणि बाबांना सांगितलं की या नावाच्या एका राणीने पोटच्या मुलाचे डोळे काढले होते. तेव्हापासून बाबा गप्प आहेत, नको म्हणत नाहीत पण नाव काढलं की उठून जातात. डिसेंबरमध्ये ते तिघं येतायत, साताऱ्याला बारसं आहे, कानात कुर्रर्र करून नाव मीच सांगणार, त्यामुळे मला सगळं खरं काय ते कळायला हवंय. अर्थ नक्की शांतीच आहे का? ती राणी खरी का? आणि उच्चार काय, पत्रिकेत काय छापायचं, इथे तर सगळे आयरीनच म्हणतायत.

म्युनिकवासी

अभिनंदन आत्याबाई! अर्थाची अजिबात शंका नको. ग्रीकमध्ये इरीनी हा आजही रोजचा शब्द आहे, युद्ध आणि शांतता म्हणताना जो शांतता तो हाच. चर्चमध्ये पाद्री सगळ्यांना आशीर्वाद देतात तो 'इरीनी पासी', म्हणजे सर्वांना शांती, त्यामुळे पोरगी दर रविवारी स्वतःचं नाव ऐकत मोठी होणार.

मूळ देवी. हेसिओद या प्राचीन ग्रीक कवीच्या काव्यात ती देवांचा राजा झ्यूस आणि देवी थेमिस यांची मुलगी, तिच्या दोन बहिणी म्हणजे युनोमिया आणि दिके, सुव्यवस्था आणि न्याय. शांतता ही न्यायाची सख्खी बहीण, मला हे नातंच फार आवडतं. अथेन्सने इ.स.पू. ३७५-७४ च्या सुमारास स्पार्टाशी तह झाल्यावर या देवीला दरवर्षी सरकारी पूजा सुरू केली आणि केफिसोदोतोस नावाच्या शिल्पकाराचा तिचा पुतळा चौकात उभारला. मूळ गेला, पण रोमन काळातली संगमरवरी प्रत आमच्या इथे ग्लिप्टोथेक म्युझियममध्ये आहे, मी तीनदा तरी बघितलीय. उभी बाई, अंगावर जाड चुण्यांचं वस्त्र, डाव्या हातावर बाळ. बाळाचं नाव प्लुतोस, म्हणजे संपत्ती. ते हात वर करून तिच्या तोंडाकडे झेपावतंय आणि ती मान किंचित वाकवून त्याच्याकडे बघतेय, अगदी आपल्याकडे कडेवरचं पोर आईची हनुवटी धरतं ना तसं. घरात शांतता असेल तर लक्ष्मी वाढते हे त्या माणसाने एका कडेवरच्या बाळात सांगून टाकलंय. माझी स्वतःची मुलगी तेव्हा दीड वर्षाची होती, तीही कडेवर होती, मी बराच वेळ तिथून हललेच नाही. बाबांना या पुतळ्याचा फोटो दाखवा, राणीच्या आधी हा.

जुनी_नाणी

राणीबद्दल मी सांगतो कारण अर्धवट ऐकून जास्त त्रास होतो. गोष्ट खरी आहे. अथेन्सची इरीनी, बायझंटाइन म्हणजे पूर्व रोमन साम्राज्याचा सम्राट चौथा लिओ याची बायको. तो ७८० मध्ये गेला, मुलगा नऊ वर्षांचा, हिने कारभार हातात घेतला. ७८७ मध्ये निकियाला धर्मपरिषद भरवली आणि देवादिकांची चित्रं पुजायला जी बंदी होती ती उठवली, ग्रीक चर्चमध्ये आज जी चित्रं दिसतात त्यांच्यामागे तिचा मोठा वाटा आहे. पण मुलगा सहावा कॉन्स्टंटाइन मोठा झाल्यावर दोघांत सत्तेवरून जुंपली आणि ७९७ मध्ये तिच्या माणसांनी त्याचे डोळे काढले. त्यानंतर पाच वर्षं ती एकटी गादीवर. तिची सोन्याची नाणी आहेत त्यांच्या दोन्ही बाजूंना तिचाच चेहरा. ८०२ मध्ये तिला काढून टाकलं, लेस्बोस बेटावर हद्दपार केलं, ८०३ मध्ये तिथेच गेली.

बाबांना वाटलेली काळजी चुकीची नाही बरं का, आपणही मुलीचं नाव कैकेयी ठेवत नाही. पण कैकेयी म्हटलं की डोळ्यासमोर एकच बाई येते, इरीनीचं तसं नाही, तिच्या आधी आणि नंतर हजारो इरीनी आहेत आणि ग्रीस-सायप्रसमध्ये आजही हे अगदी घरोघरचं नाव आहे. तिथे कोणाच्या मनात ती राणी येत नाही.

पहिलीच_आत्या

बापरे, म्हणजे खरंच होतं ते. पण असं सगळं एकत्र कळलं की भीती कमी होते. हजारोंपैकी बाबांना सांगता येईल अशी एखादी चांगली इरीनी सांगा ना.

इतिहासवेडी

अगं मी याचीच वाट बघत होते! बायझंटाइन राजघराण्यात बाहेरून सून आली की तिचं नाव बदलायचे आणि इरीनी हे नाव पुन्हा पुन्हा दिलेलं दिसतं. आपल्याकडे लग्नात ताटातल्या तांदळात अंगठीने नवीन नाव लिहायचे ना, तसंच. खजर लोकांची राजकन्या चिचाक लग्न होऊन आली ती इरीनी झाली, तिचाच मुलगा तो वरचा चौथा लिओ. जर्मन बर्था आली ती इरीनी झाली. आणि हंगेरीची पिरोश्का, तीही इरीनी, सम्राट दुसरा योआनिस कोम्निनोस याची बायको.

ही पिरोश्का बाबांना सांग. तिने आणि नवऱ्याने कॉन्स्टँटिनोपलला, म्हणजे आजच्या इस्तंबूलला, पांतोक्रातोर मठ बांधला, त्याला जोडून ५० खाटांचं हॉस्पिटल, ११३६ ची नियमावली आजही वाचायला मिळते, आणि त्यात स्त्रियांसाठी वेगळा वॉर्ड आणि तिथे एक बाई वैद्य असा स्पष्ट नियम आहे. ती ११३४ मध्येच वारली, चर्च तिला संत मानतं. तिथल्या आया सोफिया या जुन्या भव्य चर्चच्या वरच्या सज्जात तिचं मोझॅक आहे. मी इस्तंबूलला गेले तेव्हा त्याच्यासमोर उभी राहिले, गोरी गोरी, गालांवर लाली, दोन लांब लालसर-सोनेरी वेण्या, अंगभर रत्नं, आणि डोक्याशी इरीनी असं लिहिलंय. परक्या घरात आलेल्या पोरीचं मूळ नाव पुसलं गेलं याचं मला वाईटही वाटलं, पण त्या दिलेल्या नावाला तिनेच मोठं केलं हेही खरं. तुझ्या भाचीला तर दोन्ही घरं जन्मापासून आपलीच आहेत.

वसईकर_काका

आमच्या वसईत आणि गोव्याला ख्रिस्ती घरांत आयरीन नाव भरपूर, माझी सख्खी मावशी आयरीन. पोर्तुगालमध्ये याचंच इरिया होतं आणि तिकडचं सांतारेम शहर म्हणजे सांता इरेने, संत इरीनीच्या नावावरून. आणि सगळे फोटो काढायला जातात ते सँटोरिनी बेटही तेच, सांता इरीनी! बेटाचं जुनं ग्रीक नाव थिरा, पण तिथल्या संत इरीनीच्या देवळावरून इटालियन लोकांनी म्हटलेलं नाव पडलं ते पडलंच. साताऱ्यात कोणी विचारलं तर एवढं सांगा, लगेच कळेल.

अथेन्सची_पाहुणी

मी चार वर्षं अथेन्समध्ये काढलीत म्हणून उच्चाराचं सांगते. इ-री-नी, जोर मधल्या री वर, शेवटचा नी हलका पण खाऊ नका. आयरीन हे इंग्रजी वळण. तीनही स्वर ई सारखेच, पण ग्रीकमध्ये लिहिताना पहिला वेगळा आणि बाकीचे दोन वेगळे लिहितात, कारण प्राचीन काळी ते वेगळे होते, तेव्हाचा उच्चार साधारण एइरेने. देवनागरीत मात्र कसली अडचण नाही, इंग्रजीपेक्षा आपल्या लिपीत जास्त बरोबर लिहिता येतं, सरळ इरीनी छापा.

लाडाने तिकडे रेना म्हणतात, रिनिओ, रिनूला पण म्हणतात. रेना वरून तुमच्या आईला नातीला रेणू म्हणता येईल की! आणि ५ मे लक्षात ठेवा, संत इरीनीचा दिवस, तो तिचा नामदिन. ग्रीक लोक नामदिन वाढदिवसाइतकाच मानतात, मोठ्यांचा तर कधी जास्तच, सकाळपासून 'ख्रोनिया पोला' म्हणजे खूप वर्षं जग असे फोन येतात.

अजून एक. बाप्तिस्मा होईपर्यंत तिकडे कितीतरी घरांत मुलीला नुसतं बेबा म्हणतात, आपल्याकडे बारशापर्यंत बाळ बाळ चालतं तसं. नाव मोठ्याने सांगायचा मान धर्ममातेचा, तिला नोना म्हणतात, पाद्री विचारतात आणि ती उत्तर देते. पूर्वी आई चर्चमध्ये नसायची, नाव ऐकलं की पोरं धावत घरी जाऊन तिला सांगायची आणि बक्षीस म्हणून नाणी मिळवायची. म्हणजे तिकडे नोना आणि इकडे तुम्ही. दोघींची एकदा व्हिडिओ कॉलवर ओळख करून घ्या.

नक्षत्र_बघणारी

आमच्यासारख्या घरात हा प्रश्न येतोच म्हणून विचारते, राशीचं अक्षर बघितलं का? ई हे कृत्तिकेचं अक्षर. नसेल जुळत तर पाळण्यातलं नाव वेगळं ठेवा आणि व्यवहारात इरीनी, त्यात काही बिघडत नाही.

पहिलीच_आत्या

सगळ्यांचे मनापासून आभार, कालपासून दहा वेळा वाचला हा धागा. कृत्तिका नाहीये, म्हणून पाळण्यातलं नाव शांता ठेवतोय आणि हाक मारायचं इरीनी. आईने कालपासूनच रेणू सुरू केलंय.

बाबांना आधी पुतळ्याचा फोटो दाखवला, मग पिरोश्काचं मोझॅक. हॉस्पिटलचं ऐकून त्यांनी चष्मा लावला आणि ५० खाटा, त्या काळात, असं दोनदा म्हणाले. मग राणीचंही पूर्ण सांगितलं, लपवलं नाही. थोड्या वेळाने स्वतःच वहीत नाव लिहून बघत होते, पहिल्यांदा ऱ्हस्व रि लिहिली, मला विचारून खोडून दीर्घ केली.

वहिनीने व्हॉइस मेसेज पाठवलाय, तिच्या आईच्या आवाजात नाव, सावकाश तीनदा. तो लावून आई आणि मी प्रॅक्टिस करतोय, आईची री अजून आखूड पडते.