‘पणजी पाण्याखाली’

सुषमा (बी-३०४): चॅनलवर सकाळपासून हेच चाललंय. सांगलीहून आईचा तिसरा फोन आला, रडतेय बिचारी. आमचा ओंकार पणजीला कॉलेजात गेलाय, फोन लागत नाही. कोणी आहे का तिकडे?

रोहन (ए-१०२): वहिनी, घाबरू नका. मी पणजीतच आहे, ‘१८ जून’ नावाच्या रस्त्यावर, ऑफिसात. सकाळी पाऊस नि भरती एकदम आली, तेव्हा घोट्यापर्यंत पाणी होतं. आता ओसरलं. बसेस चालू आहेत.

सुषमा: मग ती बुडालेली गाडी?

रोहन: कॅमेरा पाण्याला टेकवून धरलाय, म्हणून तसं दिसतं. आणि एकच क्लिप फिरवतायत. लाल छत्रीवाला माणूस बघा, पुन्हा पुन्हा तोच रस्ता ओलांडतो.

मेधा (सी-४०३): पण पाणी होतंच ना? दाखवलं नाही तर गटारं कोण उपसणार?

गावकर काका (सी-२०१): मेधा, बरोबर आहे तुझं. दाखवायलाच हवं. खोटं असतं तर पकडता तरी आलं असतं, इथे खरा तुकडाच अख्खं शहर होऊन बसतो.
गोवा महाराष्ट्रात विलीन करायचा की वेगळा ठेवायचा, यावरच्या १९६७च्या जनमत कौलावेळी मी बारा वर्षांचा. आमच्याकडे पणजीचा ‘गोमन्तक’ यायचा, विलीनीकरणाच्या बाजूचा. समोरच्या घरी मडगावचा ‘राष्ट्रमत’, विरोधातला. दोन्ही मराठीच. बाबांना खात्री, सगळा गोवा ‘फुला’वर, म्हणजे विलीनीकरणाच्या चिन्हावर, शिक्का मारणार. समोरच्यांना तेवढीच खात्री ‘दोन पानां’ची, म्हणजे वेगळ्या गोव्याच्या चिन्हाची. मधे फक्त अंगण! १६ जानेवारीला मतदान झालं. दोन पानं १,७२,१९१, फूल १,३८,१७०. बाबा दोन दिवस धड जेवले नाहीत. “लोक तर आपल्या बाजूने होते” एवढंच म्हणायचे. होतेच की, सव्वा लाखाच्या वर. पण उरलेले आमच्या घरात कधी आलेच नव्हते. पुढे बाबा रोज दुपारी समोर जाऊन तो दुसरा पेपर वाचून यायचे. शेवटपर्यंत.

मेधा: काका, हे कधी सांगितलं नव्हतंत.

सुषमा: ओंकारचा फोन लागला! कॅन्टीनमध्ये आहे. रोहन, रस्त्याचा आत्ताचा फोटो टाक ना, आईला पाठवते.

रोहन: टाकला. दोन चाळीसचा आहे. कोपऱ्यात अजून थोडं पाणी आहे, तेही घेतलंय.