गेम मध्येच गोठतो आणि कन्सोल बंद करून पुन्हा सुरू केला तरी तोच बिघाड दिसतो

प्रश्न — अर्धवटमोहीम

घरच्या कन्सोलवर एक मोठा साहसी गेम मी काही आठवड्यांपासून खेळत आहे आणि त्यात माझी सुमारे ४० तासांची प्रगती जमा झालेली आहे. मात्र गेल्या आठ दिवसांत दोन तऱ्हेचे त्रास सुरू झाले आहेत. पहिला असा की, खेळता खेळता चित्र जागच्या जागी थिजते, संगीताचा शेवटचा तुकडा तेवढा वाजत राहतो आणि कंट्रोलरवरचे कोणतेही बटण दाबले तरी पात्र हलत नाही. दुसरा त्रास वेगळाच आहे. गेम नीट चालतो, परंतु मोहिमेतील ज्या दारापाशी दुसऱ्या पात्राने येऊन दार उघडायला हवे, तिथे ते पात्र भिंतीत अर्धे रुतून उभे राहते आणि मोहीम पुढे सरकतच नाही.

दर वेळी मी कंट्रोलरवरून कन्सोल बंद करतो आणि दुसऱ्या दिवशी सुरू करतो. गेम अगदी जिथे सोडला होता तिथूनच उघडतो, आणि थोड्याच वेळात पुन्हा थिजतो. कन्सोलचे पॉवर बटण दाबून धरावे काय, त्याने साठवलेली प्रगती जाईल काय, आणि कोणती गोष्ट आधी व कोणती नंतर करावी, हे कोणी सविस्तर सांगितल्यास बरे होईल. प्रगती गमावण्याची भीती वाटत असल्यामुळे अजून काहीही धाडस केलेले नाही.

उत्तर — जुनाकंट्रोलर

तुमच्या प्रश्नातील एकच वाक्य माझ्या मते सर्वांत महत्त्वाचे आहे, ते म्हणजे «गेम जिथे सोडला होता तिथूनच उघडतो». याचा अर्थ गेम बंद झालेलाच नाही. आजचे कन्सोल आपण «बंद» केले असे समजतो तेव्हा बहुधा झोपलेले असतात. गेमची त्या क्षणीची संपूर्ण अवस्था मेमरीत जपून ठेवली जाते आणि जाग आल्यावर तीच पुढे चालू होते. त्यामुळे बिघाड झालेली अवस्थाही तितक्याच निष्ठेने जपली जाते.

म्हणून पहिले काम म्हणजे नेमके काय गोठले आहे ते ओळखणे. चित्र थिजल्यावर कंट्रोलरचे मधले बटण, म्हणजे होम, पीएस किंवा एक्सबॉक्सचे बटण दाबून पाहावे. मुख्य पडदा उघडला तर केवळ गेम अडकलेला आहे, कन्सोल शाबूत आहे, आणि पॉवर बटणाकडे जाण्याची काहीच गरज नाही. काहीच घडले नाही तर आधी कंट्रोलरची जोडणी तुटली आहे काय हे पाहावे. बॅटरी संपलेला कंट्रोलर आणि गोठलेला गेम दुरून अगदी सारखेच दिसतात, आणि मी स्वतः एकदा अर्धा तास यात घालवलेला आहे.

तुमचा कन्सोल कोणता ते तुम्ही लिहिलेले नाही, म्हणून तिन्ही घराण्यांविषयी लिहितो. प्लेस्टेशन ५ वर पीएस बटणाने मुख्य पडद्यावर यावे, गेमच्या चित्रावर थांबून ऑप्शन्स बटण दाबावे आणि गेम बंद करण्याचा पर्याय निवडावा. एक्सबॉक्सवर गेमच्या चौकटीवर थांबून तीन आडव्या रेघांचे मेनू बटण दाबावे आणि «क्विट» निवडावे. निन्टेन्डो स्विचवर होम बटण दाबल्यानंतर गेमच्या चित्रावर एक्स दाबले की बंद करायचे काय असे विचारले जाते. तिन्ही ठिकाणी शेवटच्या सेव्हनंतरची, म्हणजे प्रगती शेवटची साठवली गेली त्यानंतरची प्रगती जाते, त्याआधीची राहते.

आता एक्सबॉक्स सिरीज एक्स आणि एस या २०२० साली आलेल्या कन्सोलांची एक खास गोष्ट. त्यांतील «क्विक रिझ्यूम» ही सोय गेमची अवस्था एसएसडीवर, म्हणजे वीज गेली तरी मजकूर टिकवणाऱ्या कायमच्या साठवणीवर लिहून ठेवते, त्यामुळे कन्सोल पुन्हा सुरू केला, इतकेच नव्हे तर त्याची वीज काढली, तरीही ती अवस्था टिकते. सोय म्हणून हे उत्तमच आहे, पण बिघडलेल्या गेमच्या बाबतीत माणूस चार वेळा कन्सोल बंद-चालू करतो आणि बिघाड हटत नाही म्हणून यंत्रालाच दोष देतो. तिथे कन्सोल बंद करण्यापेक्षा गेममधून «क्विट» करणे अधिक परिणामकारक ठरते.

उत्तर — सरळप्लग

इतका विचार कशासाठी करावा, हे मला समजत नाही. मी अनेक वर्षे चित्र थिजले की सरळ भिंतीवरचे बटण बंद करतो, मिनिटभर थांबतो आणि पुन्हा लावतो. आजपर्यंत माझे काहीही बिघडलेले नाही.

उत्तर — जुनाकंट्रोलर

आजपर्यंत बिघडले नाही हे आपले भाग्य आहे, परंतु प्रश्नकर्त्याची ४० तासांची प्रगती त्या भाग्यावर सोडू नये असे मला वाटते. धोका वीज जाण्याचा नसून, ती लिहिण्याच्या मध्यावर जाण्याचा आहे. गेम सेव्ह करीत असताना वीज गेली तर फाइल अर्धवट लिहिलेली राहू शकते. काही गेम नवी फाइल पूर्ण लिहून झाल्यावरच जुनीची जागा तिला देतात, त्यामुळे निदान जुनी तरी वाचते. पण सगळेच गेम इतकी काळजी घेतात असे नाही. पडद्याच्या कोपऱ्यात फिरणारे चिन्ह दिसत असताना कन्सोल बंद करू नका, ही सूचना गेमच्या आरंभी दिसते ती याच कारणासाठी.

ही चिंता आजची नाही. अमेरिकेत १९८७ साली आलेल्या «द लेजंड ऑफ झेल्डा» या गेमच्या कार्ट्रिजमध्ये, म्हणजे गेम साठवलेल्या व कन्सोलमध्ये खोचायच्या डबीत, प्रगती जपण्यासाठी बॅटरीवर चालणारी मेमरी होती, आणि कन्सोल बंद करताना आधी रीसेट बटण दाबून धरावे, मग पॉवर बंद करावी, अशी सूचना खेळाडूंना दिलेली होती. वीज ओसरत असताना प्रोसेसर भरकटून त्या मेमरीत भलतेच काही लिहू शकत असे. रीसेट दाबून धरले की तो थांबलेला राही. त्या काळी रीसेटचे बटण यंत्राच्या समोरच्या बाजूला होते, आज ते काम पॉवर बटण दाबून धरण्यावर आले आहे.

म्हणून होम बटणही चालत नसेल तर क्रम असा ठेवावा. आधी एक-दोन मिनिटे काहीही न करता थांबावे, कारण कधी कधी गेम डिस्कवरून काही वाचण्यात अडकलेला असतो आणि आपोआप सुटतो. मग कन्सोलवरचेच पॉवर बटण दाबून धरावे. एक्सबॉक्सवर सुमारे १० सेकंद, स्विचवर १२ सेकंद किंवा थोडे अधिक, आणि प्लेस्टेशनवर दुसरी बीप ऐकू येईपर्यंत. स्विचचे बटण नुसते टिचकीसारखे दाबले तर तो झोपतो, बंद होत नाही. वीज काढायचीच असेल तर सर्व दिवे विझल्यावर काढावी. विशेषतः प्लेस्टेशनचा नारिंगी दिवा लागलेला असताना कधीही काढू नये, कारण तो विश्रांतीच्या अवस्थेचा दिवा आहे आणि त्या वेळी कन्सोल अपडेट उतरवून घेण्यासारखी कामे करीत असू शकतो.

प्रश्नकर्ता — अर्धवटमोहीम

दोघांचेही आभार. मी तपासून पाहिले असता लाजिरवाणी गोष्ट उघडकीस आली: कन्सोल आणल्यापासून मी तो एकदाही पूर्ण बंद केलेला नव्हता आणि हा गेमही कधी खऱ्या अर्थाने बंद केलेला नव्हता. वर सांगितल्याप्रमाणे गेम बंद केला, नंतर कन्सोलही पूर्ण बंद करून सुरू केला. काल सलग तीन तास खेळलो आणि चित्र एकदाही थिजले नाही.

मात्र दारापाशीचे ते पात्र अजूनही भिंतीतच आहे. म्हणजे पहिला त्रास गेला आणि दुसरा तसाच आहे. हे दोन्ही एकाच कारणाने होत नव्हते काय?

उत्तर — सेव्हतीनजागी

दोन्हींची कारणे वेगळी दिसतात, आणि त्यांतील फरक लक्षात आला की पुढचा मार्ग आपोआप स्पष्ट होतो. बराच वेळ चालू असलेला गेम हळूहळू मेमरी अडवत जातो. वापरून झालेली जागा परत मोकळी करण्यात प्रोग्रामची चूक असेल तर उरलेली जागा कमी कमी होते आणि शेवटी गेम अडखळतो किंवा थिजतो. झोप आणि जाग यांतून ही अवस्था तशीच पुढे जाते. गेम बंद केला की ती सगळी मेमरी मोकळी होते, म्हणून तुमचा पहिला त्रास गेला असावा.

पात्र भिंतीत रुतले आहे हे मात्र मेमरीत नव्हे, सेव्ह फाइलमध्ये लिहिले गेले आहे. गेमने स्वयंचलित सेव्ह केला त्या क्षणी ते पात्र चुकीच्या जागी होते आणि तीच जागा नोंदली गेली. आता कन्सोल शंभर वेळा सुरू केला तरी गेम तीच नोंद वाचून पात्राला तिथेच उभे करणार. सेव्ह फाइलच त्रासाचे मूळ असण्याचे एक गाजलेले उदाहरण २०११ सालच्या «स्कायरिम»चे आहे: प्लेस्टेशन ३ वर त्याची सेव्ह फाइल जसजशी मोठी होत गेली तसतसा गेम मंदावत गेला, आणि ते दुरुस्त करायला पुढे अपडेट द्यावे लागले.

तुमच्यासाठी सुचवतो ते असे. सर्वप्रथम गेमचे अपडेट आले आहे काय ते पाहा, कारण असे अडकलेले प्रसंग निर्माते बहुधा अपडेटमधून सोडवतात. नंतर गेममध्येच त्या ठिकाणापासून खूप दूर जा, शक्य असल्यास नकाशावरून थेट दुसऱ्या प्रदेशात उडी घ्या, तिथे थोडा वेळ घालवून परत या. अनेक गेम आपण दूर गेल्यावर तिथली पात्रे मेमरीतून काढून टाकतात आणि परतल्यावर नव्याने मांडतात. मोहीम शेवटच्या टप्प्यापासून पुन्हा सुरू करण्याचा पर्याय मेनूत असेल तर तोही वापरा. यांपैकी काहीच लागू पडले नाही तर दारापाशी पोहोचण्यापूर्वीची सेव्ह उघडावी लागेल. त्यासाठी ती असायला हवी, आणि इथेच बहुतेकांची निराशा होते, कारण स्वयंचलित सेव्ह त्याच त्याच जागेवर लिहिली जात असते. दर दोन-तीन तासांनी स्वतः वेगळ्या जागी सेव्ह करण्याची सवय मला अशाच एका दाराने लावली.

क्लाउडबाबत, म्हणजे इंटरनेटवरून कंपनीकडे साठवल्या जाणाऱ्या प्रतीबाबत, एक सावधगिरी बाळगा. क्लाउडमधील प्रत ही जादूची जुनी प्रत नसते. कन्सोलने नवी बिघडलेली सेव्ह वर पाठवली असेल तर तिथेही तीच असणार. कन्सोलवरील आणि क्लाउडमधील प्रतींत फरक आढळल्यास कोणती ठेवायची असे विचारले जाते, तेव्हा घाईने उत्तर न देता दोन्हींची तारीख आणि वेळ वाचावी. प्लेस्टेशन ५ च्या गेमची एखादी सेव्ह यूएसबीवर सुटी काढून ठेवता येत नाही, प्लेस्टेशन ४ च्या गेमची येते. स्विचवर गेम मेमरी कार्डात असला तरी सेव्ह कन्सोलच्या आतच राहते, त्यामुळे कार्ड काढून ठेवल्याने प्रगतीची प्रत झाली असे समजू नये.

उत्तर — पंख्याचाआवाज

वरील सर्व मान्य आहे, पण चित्र थिजणे पुन्हा सुरू झाले तर आणखी एक गोष्ट पाहावी: एकच गेम थिजतो की सगळेच? सगळेच थिजत असतील तर सेव्ह किंवा मेमरी यांपेक्षा उष्णता आणि साठवण यांकडे संशयाने पाहावे. कन्सोल बंद कपाटात असेल, मागची जाळी धुळीने भरली असेल आणि पंखा घोंघावत असेल, तर तो आधी मोकळ्या हवेत ठेवावा. गेम डिस्कवरचा असेल तर डिस्क मऊ कोरड्या कापडाने मध्यापासून कडेकडे सरळ पुसावी, गोल गोल पुसू नये.

एकच गेम थिजत असेल आणि गेम बंद करूनही फरक पडत नसेल, तर त्याच्या फाइली खराब झाल्या असण्याची शक्यता असते. स्विचवर गेमच्या पर्यायांत खराब डेटा तपासण्याची सोय आहे. प्लेस्टेशन पूर्ण बंद असताना पॉवर बटण दाबून धरले तर पहिली बीप लगेच आणि दुसरी सुमारे ७ सेकंदांनी येते. दुसरीनंतर बोट काढले की सेफ मोड, म्हणजे दुरुस्तीच्या पर्यायांची यादी, उघडतो. तिथे कंट्रोलर तारेने जोडावा लागतो. त्या यादीतील डेटाबेस (साठवणीत काय कुठे आहे याची नोंद) पुन्हा बांधण्याचा पर्याय गेम किंवा सेव्ह पुसत नाही. कन्सोल रीसेट करण्याचे शेवटचे दोन पर्याय मात्र सर्व काही पुसतात, म्हणून यादी वाचूनच बटण दाबावे. गेम काढून पुन्हा बसवणे हा त्यापुढचा उपाय. प्लेस्टेशन आणि स्विच यांवर गेम काढला तरी सेव्ह वेगळी राहते. एक्सबॉक्सवर काढण्यापूर्वी कन्सोल इंटरनेटला जोडून सेव्ह क्लाउडमध्ये गेली असल्याची खात्री करावी.

प्रश्नकर्ता — अर्धवटमोहीम

दूरच्या प्रदेशात जाऊन परत आलो, तरी पात्र भिंतीतच होते. मोहीम टप्प्यापासून सुरू करण्याचा पर्याय या गेममध्ये नाही. शेवटी सेव्हच्या यादीत अगदी खाली, नऊ दिवसांपूर्वी चुकून स्वतः केलेली एक सेव्ह सापडली. ती उघडली, साडेतीन तासांचा खेळ पुन्हा खेळलो, आणि या वेळी पात्र दारापाशी नीट चालत आले व दार उघडले. दार ओलांडताच वेगळ्या जागी सेव्ह केली, गेम बंद केला आणि मगच कन्सोल बंद केला.

पंख्याचा आवाजही आता ऐकून पाहिला. तो थोडा जास्तच वाटतो. उद्या कपाटातून कन्सोल बाहेर काढणार आहे.