व्हॅलियम आणि डायझेपाम

व्हॅलियम हे गुंगी आणणारं, मन शांत करणारं औषध. मग 'व्हॅलियम' या नावाचा अर्थ झोप असा आहे का? नाही, झोपेशी त्या नावाचा काही संबंध नाही. लॅटिन 'व्हालेरे' म्हणजे धडधाकट असणं, त्यावरून ते आलं असं सांगतात. १९६३ साली बाजारात आलेल्या या औषधाला रोश कंपनीनं दिलेलं हे व्यापारी नाव. (गुंगी आणणाऱ्या गोळीला धडधाकटपणाचं नाव, जाहिरातवाल्यांना मानलं पाहिजे!)

डायझेपाम हे त्याचंच मूळ नाव, आणि खरी माहिती त्यात आहे. रेणूत सात अणूंचं एक कडं असतं, त्यात नायट्रोजनचे दोन अणू, म्हणून 'डायझेप' ('डाय' म्हणजे दोन, 'अझ' म्हणजे नायट्रोजन, 'एप' म्हणजे सात). लोराझेपाम, क्लोनाझेपाम ही त्याच घराण्यातली. शेवटी 'झेपाम' दिसलं की कूळ कळतं.

पण वापर फक्त झोपेपुरता नाही. तीव्र चिंता, स्नायूंचे पेटके, न थांबणारी फीट, दारू सोडतानाचा त्रास, यांतही डॉक्टर देतात. वेगवेगळ्या व्यापारी नावांखाली तेच औषध दोनदा पोटात जाऊ शकतं, म्हणून पाकिटावरचं बारीक अक्षरातलं मूळ नाव वाचावं. दारूसोबत तर अजिबात नको, श्वास मंदावतो. आणि बरेच दिवस चालू असेल तर एकदम बंद करू नका, डॉक्टरांना विचारून मात्रा हळूहळू उतरवावी लागते.