मदत हवी आहे : ‘आई नो कोरिडा’मधील किमोनोचा अर्थ कसा लावावा?

नमस्कार. जपानी दिग्दर्शक नागिसा ओशिमा यांच्या १९७६ सालच्या ‘आई नो कोरिडा’ या चित्रपटातील वेशभूषेवर मी एक दीर्घ लेख लिहीत आहे आणि एका मुद्द्यापाशी अडले आहे.

तोक्योत १९३६ साली घडलेल्या साडा आबे प्रकरणावर, म्हणजे साडा आबे या स्त्रीने आपल्या प्रियकराच्या केलेल्या हत्येवर, हा चित्रपट आधारलेला आहे. त्यातील प्रणयप्रसंगांत किमोनो बऱ्याचदा पूर्ण उतरत नाही. तो सैल होतो, खांद्यावरून घसरतो, अंथरुणावर पसरतो. एदो काळातील (१६०३–१८६८) शृंगारिक ‘शुंगा’ चित्रांतही असेच आढळते. सार्वजनिक स्नानगृहांमुळे उघडे शरीर नित्याचेच असलेल्या त्या समाजात माणसाचा दर्जा आणि व्यवसाय वस्त्रावरून कळत असे. योशिवारा या गणिकांच्या वस्तीतील उच्च दर्जाची गणिका ‘ओबी’ म्हणजे कमरेचा पट्टा पुढे बांधत असे, एवढ्यावरून तिची ओळख पटे. गळ्याची पट्टी मागे ओढून मानेचा मागचा भाग उघडा ठेवणे, हे तर सौंदर्याचे मोठे लक्षण मानले जाई.

माझी अडचण लाल रंगाची आहे. किमोनोच्या आत घालायच्या ‘जुबान’चा लाल रंग वासना आणि रक्त सुचवतो, असे लिहिण्याचा मोह मला होतो, परंतु युद्धपूर्व काळात स्त्रियांची आतली वस्त्रे सर्रास लाल असत, मग त्याला दिग्दर्शकाने योजलेले प्रतीक म्हणावे का? ओबीच्या बाबतीतही हाच पेच आहे, कारण साडाने प्रत्यक्षातही आपला प्रियकर किचिझो इशिदा याचा गळा ओबीनेच आवळला होता. याउलट, किमोनोतला किचिझो रस्त्याने एकीकडे निघाला आहे आणि पाश्चात्त्य धर्तीच्या गणवेशातील सैनिक विरुद्ध दिशेने संचलन करीत आहेत, हा प्रसंग मला निःसंशय प्रतीकात्मक वाटतो. तेथे शृंगाराचा लवलेशही नाही, आणि तरीही संपूर्ण चित्रपटात वस्त्र सर्वाधिक बोलते ते तेथेच, असे माझे मत आहे.

जपानी भाषा जाणणाऱ्या किंवा तेथे वास्तव्य केलेल्या सदस्यांना माझी विनंती आहे. ‘ओबी सोडणे’ याचा जपानीत स्त्रीने स्वतःला पुरुषाच्या स्वाधीन करणे असाही अर्थ होतो; तो आजच्या प्रेक्षकाला ऐकताक्षणी जाणवतो का, की केवळ जुन्या साहित्यापुरता उरला आहे? त्याचप्रमाणे, लाल जुबान पाहिल्यावर वयस्क जपानी प्रेक्षकाला आधी काय आठवते, आजीची पेटी की गणिकांची वस्ती? लेखाचा उरलेला खर्डा तयार आहे. लाल रंगाचा परिच्छेद तेवढा मी कोरा ठेवला आहे.